‘बरं आहे’ म्हणजे दहापैकी किती?

कोथरूडकर

परवा लेकीनं शाळेतला निबंध आजोबांना दाखवला. आजोबा म्हणजे आमचे अण्णा, वय 81, उभी हयात छापखान्यात मुद्रितं तपासण्यात गेली. त्यांनी चष्मा पुसला, दोन्ही पानं वाचली, वही परत दिली आणि म्हणाले, "बरं आहे."

लेक जागची हलली नाही. "बरं म्हणजे दहापैकी किती?"

हा प्रश्न या घरात आजवर कुणी विचारला नव्हता. अण्णांनी वही पुन्हा मागितली, पुन्हा वाचली. "नऊ."

"एक का कापला?"

"तिसऱ्या ओळीत ‘आणी’ दीर्घ काढलायस."

नऊ! मी ‘बरं’चे आजवर पाच, फार तर साडेपाच धरत आलो. 1988 साली दहावीला 78 टक्के पडले, तेव्हा ‘बरे आहेत’. पहिली नोकरी ‘बरी आहे’. माझं लग्न ठरलं तेव्हा मुलगी ‘बरी आहे’ (हे बायकोला अजून सांगितलेलं नाही, इथंही कुणी सांगू नये). मला शब्दापुरतंच विचारायचंय. ‘बरा’चा भाव नेमका काय, आणि तो घसरला असेल तर कुठून कुठं?

जोडाक्षर

बऱ्याच वरून घसरलाय. मूळ संस्कृत ‘वर’, म्हणजे श्रेष्ठ, निवडक. कविवर, मुनिवर यांतला तोच. लग्नातला ‘वर’ म्हणजे निवडलेला, तोही याच कुळातला. त्यामुळे सासूबाई ‘जावई बरा आहे’ म्हणतात तेव्हा व्युत्पत्तीनं काहीच बिघडलेलं नसतं, जावईच उगाच मनाला लावून घेतो. मोल्सवर्थच्या 1857 च्या कोशातही ‘बरा’ म्हणजे सरळ चांगला.

तुकोबांचं ‘बरें जालें देवा निघालें दिवाळें । बरी या दुष्काळें पीडा केली’ आठवा. 1630 च्या आसपासचा तो दुष्काळ. घरात माणसं गेली, व्यापार बुडाला. तिथं ‘बरें’ला ‘ठीकठाक’ समजलात तर अभंगच पडतो. जे झालं ते भल्यासाठीच झालं, असं तो माणूस म्हणतोय, आणि म्हणताना किती जड गेलं असेल तेही त्याच शब्दात आहे.

आडगल्ली

आणि ‘बरोबर’? तोही यातलाच ना?

जोडाक्षर

नाही. तो फारसी, ‘बराबर’. दिसायला भाऊ, नात्यानं कुणी नाही.

मांडवीकाठ

माझं सासर गोव्याचं, माहेर नारायण पेठ. लग्नानंतर पहिल्यांदा सासरी हुमण (माशांची आमटी) केलं. सासूबाई चाखून म्हणाल्या, "हुमण बरें जालां." मी मोरीत जाऊन रडले. पुण्यात ‘आमटी बरी झालीय’ याचा अर्थ मीठ कमी, गूळ जास्त, पण तुझं मन कशाला मोडा. रात्री नवऱ्यानं समजावलं, की कोकणीत ‘बरें’ म्हणजे चांगलंच. आभार मानतानाही ‘देव बरें करूं’ म्हणतात. देव तुझं ठीकठाक करो असं कुणी म्हणेल का?

म्हणजे मूळचा भाव तिकडे टिकला. आपण इकडे स्वस्त केला.

सदाशिवी

स्वस्त नाही केला हो, जपून वापरला. आमच्या वाड्यातली चढती भांजणी अशी होती: ‘असू दे’, ‘चालेल’, ‘वाईट नाही’, ‘बरं आहे’. त्याच्या वर काही नव्हतं. आजोबांच्या पिढीत एक ‘बेस’ होतं, तेही भजनी मंडळातल्या बुवांसाठी राखून ठेवलेलं. पोराला तोंडावर चांगलं म्हटलं तर ते शेफारतं आणि दृष्टही लागते, अशी दुहेरी भीती. मीठमोहऱ्या ओवाळायची तयारी, पण शब्द काढायची नाही.

बाकी ‘शेफारणे’ हा शब्द एकदा नीट बघण्यासारखा आहे. कौतुकानं मूल बिघडतं, एवढ्यासाठी आपण एक अख्खं क्रियापद बाळगून आहोत. कौतुक न झाल्यानं काय होतं, त्याला एक शब्द सांगा.

उंबरठा

‘खट्टू होणे’ आहे, पण ते तासाभरात जातं. मी म्हणते ते जात नाही.

मुळात व्युत्पत्तीच्या आडोशाला उभं राहून आईबापांना माफ करण्याचा हा जो सूर लागलाय, तो मला पटत नाही. ‘बरं’चा अर्थ वक्त्याच्या मनात श्रेष्ठ असेल, नाही कोण म्हणतंय? पण अर्थ ऐकणाऱ्याच्या कानातही होतो. माझ्या आईनं मला आयुष्यभर ‘बरं’ दिलं आणि मी ते पाचच ऐकलं. त्या पाचावर मी नोकऱ्या निवडल्या, पगार मागताना कचरले, पहिलं स्थळ आलं त्याला हो म्हटलं. आता कुणी कोश उघडून सांगतो की ते नऊ होते. मधली वर्षं कोण भरून देणार?

आणि उलट टोकही सांगते. मी ठरवून मुलाला प्रत्येक गोष्टीला ‘सुपर’ म्हणायचे. परवा, नऊ वर्षांचा आहे, म्हणाला, "आई, तू बघत नाहीस, नुसतं सुपर म्हणतेस." मग वाटलं, अण्णांनी दोन्ही पानं वाचली, वही परत मागून पुन्हा वाचली. तेवढं तर माझ्याकडून होत नाही.

सांधेदुखी

फिजिओथेरपिस्ट आहे, त्यामुळे ‘बरं’ दिवसभर ऐकते. आम्ही दुखणं शून्य ते दहा या मापात विचारतो. तरुण पेशंट लगेच ‘सहा’ म्हणतात. सत्तरीपुढच्यांकडून आकडा निघत नाही. ‘बरंच दुखतंय’ किंवा ‘बरंच बरं आहे’. म्हणजे एकाच शब्दात पुष्कळ, चांगलं आणि आजारातून उठणं, तिन्ही. ‘बरं नाही’ म्हणजे आजारी. ‘जिवाचं बरंवाईट’ म्हणजे तर फक्त वाईटच.

वरचं वाचून एक लक्षात आलं. हल्ली ‘हीलिंग’साठी मराठी शब्द नाही म्हणून तक्रार असते. ‘बरं होणे’ आहे की. आकड्यांचा मात्र आग्रह धरते मी पेशंटकडे. आकडा आल्याशिवाय मला पुढचा व्यायाम देता येत नाही.

कोथरूडकर

सगळ्यांचं वाचलं. उंबरठा, तुमचं दोनदा.

काल रात्री अण्णांना धीर करून विचारलं. म्हटलं, "दहावीला तुम्ही ‘बरे आहेत’ म्हणालात, ते दहापैकी किती होते?" म्हणाले, "ते आता कुठं आठवतंय? रांग आठवते. चितळ्यांकडे पेढ्यांना ही रांग! किलोभर घेतले, छापखान्यात वाटले. मशीनवरच्या पोरांनासुद्धा."

मी चाटच. घरी तो खोका आल्याचं मला आठवत नाही. म्हटलं, "मला कधी सांगितलं नाहीत."

"तू विचारलं नाहीस."

यावर मला रागही आला, खोटं कशाला सांगू. सोळा वर्षांच्या पोरानं काय विचारायचं असतं? पण तेवढ्यात लेक दुसरा निबंध घेऊन आली आणि अण्णांनी चष्मा पुसायला घेतला.

आडगल्ली

यात ‘आणि’ ऱ्हस्व होता का?

कोथरूडकर

ऱ्हस्व होता. ‘सुचना’ निघाली.