'क्लेर' दाखवायचाय: पत्रकात काय लिहावं, मराठी सबटायटल कशी करावीत?

कृष्णाकाठ, सांगली
आमच्या चित्रपट मंडळात वोयचेख स्मझोफ्स्कीचा 'क्लेर' (२०१८) हा पोलिश सिनेमा दाखवून चर्चा ठेवतोय. विषय कॅथलिक धर्मगुरू आणि त्यांनी मुलांवर केलेले लैंगिक अत्याचार. पत्रकात लिहिलंय, 'ज्या सिनेमामुळे पोलंडला कायदा करावा लागला'. हे चालेल का? शिवाय मराठी सबटायटल आम्हीच करणार आहोत. प्रेक्षक ६०-७०, सांगली-मिरजेचे.

रीळवाला
ते वाक्य काढाच. सिनेमा २८ सप्टेंबर २०१८ ला लागला, पहिल्या शनिवार-रविवारअखेर ९ लाखांवर तिकिटं गेली, एकूण ५० लाखांच्या पुढे. पण त्याच आठवड्यात, २ ऑक्टोबरला, पोलंडमधल्या पोझनानच्या अपील न्यायालयाने एका धर्मगुरूच्या अत्याचाराला बळी पडलेल्या पीडितेला १० लाख झ्लॉटी (पोलिश चलन) भरपाई आणि आजन्म मासिक रक्कम कायम केली, आणि पैसे द्यायचे होते तो धर्मगुरू ज्या धार्मिक संघाचा होता त्या संघाने. तो खटला सिनेमाच्या आधीपासूनचा. पुढे मार्च २०१९ मध्ये पोलंडच्या बिशपांनी स्वतःच मुलांवरील अत्याचारांचे आकडे जाहीर केले: १९९० पासून ३८२ धर्मगुरू, ६२५ पीडित. तुम्ही म्हणता तो कायदा, म्हणजे अशा अत्याचारांसाठीच्या चौकशी आयोगाचा, ऑगस्ट २०१९ चा. त्याआधी मे महिन्यात सेकेल्स्की बंधूंचा याच विषयावरचा माहितीपट यूट्यूबवर आला होता, लोकवर्गणीतून केलेला, आणि तो २ कोटींहून जास्त वेळा पाहिला गेला. त्यात पीडित स्वतःच्या तोंडाने बोलतात. कायद्याला चालना दिली ती मुख्यतः त्याने. 'क्लेर'ने त्याआधी घरोघरी हा विषय जेवणाच्या ताटापर्यंत आणला, आणि माझ्या मते हे काम लहान नाही. पत्रकात एवढंच लिहा.

मिरजकर_भाषांतर
कृष्णाकाठ, तुमच्या प्रेक्षकांसाठी शब्दांची निवड सगळ्यात महत्त्वाची. मिरजेत ख्रिस्ती म्हटलं की वानलेस यांचं इस्पितळ आठवतं, आणि ते अमेरिकन प्रेस्बिटेरियन मिशनचं, म्हणजे प्रॉटेस्टंट. तिथला शब्द 'पाळक', आणि पाळक लग्न करतो. सबटायटलमध्ये 'पाळक' आला तर फादर त्रिबुस आणि घर सांभाळणारी हांका यांच्यात अडचण कसली, हेच कळणार नाही. म्हणून सगळीकडे 'फादर'. वसईचे कॅथलिक वापरतात तेच शब्द घ्या: प्रोबोश्च (स्थानिक चर्चचा मुख्य फादर) ज्याचा प्रमुख असतो तो धर्मग्राम, बिशपच्या अखत्यारीत येतो तो धर्मप्रांत. 'कुरिया' म्हणजे धर्मप्रांताचं कार्यालय, 'दरबार' नको. ब्रह्मचर्याचं व्रत आणि पापनिवेदनातली गुप्तता या दोन गोष्टी सिनेमाआधी ३ मिनिटांत सांगून टाका.

तांत्रिक बाजू: फाइल एसआरटी (सबटायटलची साधी मजकूर-फाइल), साठवताना यूटीएफ-८ (देवनागरी अक्षरं नीट जपणारी पद्धत) निवडा, नाहीतर पडद्यावर नुसती प्रश्नचिन्हं येतात. एका वेळी दोनच ओळी, ओळीला ३५ अक्षरांच्या आत, कारण जोडाक्षरं वाचायला वेळ घेतात. आणि ज्या लॅपटॉपवरून दाखवणार त्यावरच तपासा. काही प्लेअरमध्ये जोडाक्षरं सुटी पडतात, वेलांटी भलत्याच अक्षराला चिकटते. तसं झालं तर मजकूर व्हिडिओतच कायमचा छापून घ्या, म्हणजे फाँटवर अवलंबून राहावं लागत नाही. हे आदल्या दिवशी नाही, आठवडाभर आधी. इंग्रजी सबटायटलवरून भाषांतर करत असाल तर शिव्यांपाशी थांबा. या फादरांची भाषा रांगडी आहे, ती सोवळी केली तर पात्रंच मरतात.

रीळवाला
राहिलेलं: ओटीटीचं घरगुती खातं लावून सभागृहात दाखवता येत नाही, हक्कधारकाची लेखी परवानगी घ्या. सेन्सॉरचं प्रमाणपत्र नसेल तर माहिती-प्रसारण मंत्रालयाकडून सूट लागते. अर्जाला वेळ जातो, तेव्हा तारीख आधी छापू नका.

चर्चेचंही बघा. श्रोत्यांत कुणी स्वतः सोसलेलं असू शकतं. विषय दाराशीच लिहून लावा, मधूनच उठून जाता येईल अशी वाट मोकळी ठेवा, अनुभव सांगायचा आग्रह कुणालाच नको. लहान मुलावरचा प्रकार कुणी बोललाच, तर २०१२ च्या पॉक्सो (मुलांवरील लैंगिक अत्याचारविरोधी) कायद्याच्या कलम १९ नुसार ज्याला कळलं त्याने पोलिसांना कळवणं बंधनकारक आहे. मुलाचं नाव मात्र बाहेर जाता कामा नये, म्हणून चर्चेचं चित्रीकरण करू नका. १०९८ हा मुलांसाठीच्या हेल्पलाइनचा क्रमांक फळ्यावर लिहून ठेवा.