दुःखाच्या वस्तू घडवणाऱ्याला काय म्हणावं?

प्रश्न :
एक अद्भुतकथा लिहिते आहे. त्यातल्या गावात कुणी गेलं की तेराव्यानंतर एक कारागीर घरी येतो, घरच्यांचं दुःख घेऊन जातो आणि त्याची वस्तू करून आणतो. कुणाला फणी, कुणाला समई, कुणाला दाराचा कडीकोयंडा. या माणसाला नाव हवंय. शोककार, दुःखशिल्पी, वेदनाकार एवढं सुचलं, पण तिन्ही मानपत्रावर शोभतील असे. गावातली म्हातारी 'शोककाराला सांगावा धाड गं' म्हणताना डोळ्यांसमोर येत नाही.

*

शोककार चालणार नाही. 'कार'च्या आधी पदार्थ किंवा वस्तू असली की अर्थ 'घडवणारा' होतो : सुवर्णकार, कुंभकार, चित्रकार. भावना आली की तोच 'कृ' (करणे) धातू उलटतो आणि 'उत्पन्न करणारा' असा अर्थ निघतो : दुःखकर, भयंकर, शोककारक. तुमचा बिचारा कारागीर लोकांना रडवत हिंडतो असं वाटेल. 'कर्ता' जोडलात तर आणखी पंचाईत. आरतीमुळे 'सुखकर्ता दुखहर्ता' प्रत्येकाच्या कानात बसलेलं आहे, त्यामुळे दुःखकर्ता म्हणजे थेट गणपतीच्या विरुद्ध पक्षातला. दुःखहर्ता हे पद तर भरलेलंच आहे.

दुसरं असं की खऱ्या धंद्यांची नावं तोंडात घोळून झिजलेली असतात. सुवर्णकाराचा सोनार झाला, लोहकाराचा लोहार, चर्मकाराचा चांभार, कांस्यकाराचा कासार. शोककार तसाच झिजवला तर 'शोकार' उरेल, पण तो होकार-नकाराच्या रांगेत जाऊन बसतो.

*

शोक हा शब्द मात्र इतक्यात टाकू नका. त्याचा धातू 'शुच्'. जळणे, तळपणे हा त्याचा जुना अर्थ, 'शुचि'ही त्यातलाच. म्हणजे भट्टी शब्दातच पेटलेली आहे. आणि शोकाची वस्तू करणारा पहिला कारागीर आपल्याकडे वाल्मीकी. क्रौंच पक्ष्याच्या जोडीतला नर व्याधाने मारला, मादी आक्रोश करू लागली, तेव्हा ऋषीच्या तोंडून जे निघालं त्याबद्दल रामायणातच म्हटलंय, 'शोकः श्लोकत्वमागतः'. शोकाचा श्लोक झाला. तुमच्या गावात जुन्या कारागिरांची काही दंतकथा लागली तर ही हाताशी ठेवा.

*

वाल्मीकी ठीक आहेत, पण प्रश्न गावातल्या माणसाचा आहे. आपल्याकडे मेलेल्या माणसासाठी वस्तू घडवणारे खरेच होते आणि आहेत. अनेक घरांच्या देवघरात खंडोबा-भवानीच्या शेजारी पूर्वजांचे टाक असतात, चांदीच्या पातळ पत्र्यावर उठाव काढलेले. ते सोनाराकडून घडवून आणतात. नाशकात धुळवडीला वीर नाचवतात तेव्हा हेच टाक बाहेर निघतात. वीरगळ घ्या, लढाईत पडलेल्या वीराच्या आठवणीचा कोरीव दगड. खाली लढाई आणि मरण, मधे अप्सरा वीराला घेऊन चालल्यात, वर तो शिवपिंडीपुढे बसलाय, आणि माथ्यावर चंद्रसूर्य. त्यातला 'गळ' म्हणजे कानडी 'कल्लु', दगड. मेळघाटातले कोरकू मृतासाठी लाकडी खांब कोरून उभा करतात, त्याला मुंडा म्हणतात.

यातल्या एकाही कारागिराचं नाव दुःखावरून पडलेलं नाही, हे बघा. सोनार, पाथरवट, सुतार. इंग्लंडात राणी व्हिक्टोरियाचा नवरा 1861 साली वारला आणि सुतकात घालायच्या काळ्या दागिन्यांची मागणी वाढली. व्हिटबी गावचे कारागीर जेट नावाच्या काळ्या, दगडासारख्या पदार्थाचे ते दागिने करत. त्यांचीही ओळख जेटवरून, रडण्यावरून नाही. धंद्याला नाव देतो तो कच्चा माल. तुमच्या गावात दुःख हाच कच्चा माल आहे. मग लोक त्याच्याकडे लोखंडाइतक्याच रुक्षपणे बघणार, आणि नावही तसंच रुक्ष हवं.

*

कच्चा माल म्हणताय तर आधी तो घन की द्रव ते ठरवा. मराठीत दुःखाचे कढ येतात, उमाळा येतो, ते दाटून येतं, पाझरतं. सगळा पातळ, तापलेल्या पदार्थाचा कारभार. तेव्हा तुमचा माणूस ओतारी असावा असं मला वाटतं. ओतारी मेणाची मूर्ती करतो, तिच्यावर मातीचे लेप देतो, तापवून मेण काढून टाकतो आणि उरलेल्या पोकळीत धातू ओततो. चालुक्य राजा सोमेश्वराच्या 12व्या शतकातल्या 'मानसोल्लास' या ग्रंथात ही रीत दिलेली आहे, मधूच्छिष्टविधान या भारदस्त नावाने. मधूच्छिष्ट म्हणजे मेण. गेलेल्या माणसाने मागे ठेवलेल्या जागेत दुःख ओतायचं, याहून सोयीची कृती तुम्हाला मिळणार नाही.

क्रियापदंही मग आपसूक येतात : दुःख आटवणं, गाळणं, ओतणं. फक्त 'उगाळणं' टाळा. त्याचा अर्थ आधीच ठरून गेलाय आणि तो कारागिराच्या फायद्याचा नाही.

*

कृती ओताऱ्याची घ्या, पण नाव मी वेगळं सुचवतो : दुखवट. पाथरवट, तांबट यांच्या पंगतीला बसतं, विसर्ग झिजून गेलाय, आणि दुखवटा शब्द तर घराघरात आहे. सरकार दुखवटा जाहीर करतं, आणि कितीतरी ठिकाणी नातेवाईक सुतकातल्या घरी कपडे किंवा जेवण आणतात त्यालाही दुखवटाच म्हणतात. पाथरवटातला 'वट' आणि दुखवट्यातला 'वट' एकच आहे असा माझा दावा नाही. कानाला नातं लागतं, कथेला तेवढं बास.

*

प्रश्नकर्ती पुन्हा :
दुखवट! 'दुखवटाला सांगावा धाड, म्हणावं माल पुष्कळ आहे.' म्हातारी बोलायला लागली. ओतकामही घेते. आता बायकोचं दुखवटीण होईल, पण स्वतः हे काम करणाऱ्या बाईचं काय? मला तीच नायिका हवी आहे. आणि मजुरी?

*

बाईसाठीही दुखवटीणच ठेवा. कुंभारीण, सोनारीण यांत कुंभाराची बायको आणि स्वतः चाकावर बसणारी असा भेद भाषा करत नाही. कथेला ते अडचणीचं वाटलं तर त्यावरून गावात एक भांडण लावून द्या.

मजुरीचं आधी पक्कं करा. बलुतं घेणाऱ्याला सुगीला खळ्यावर धान्य मिळायचं, त्या वर्षी घरात कुणी जावो न जावो. तुमची बाई बलुतेदार असेल तर कुणीच न मेलेल्या साली ती कुणब्याच्या खळ्यावर सूप घेऊन उभी राहील आणि लोक काय बोलतील ते बघा. रोकडीवर काम करत असेल तर तिला लोकांच्या मरणाची वाट बघावी लागेल. मी बलुतं देईन.