मदत हवी आहे: कार्यादेश निघाला, आता याचिका निष्फळ ठरणार का?

निविदाग्रस्त:
एका पालिकेनं निविदेच्या तांत्रिक पाकिटातच (दर उघडण्याआधीच्या पात्रता तपासणीत) आम्हाला अपात्र ठरवलं. हायकोर्टात रिट याचिका टाकली, पण बोर्डावर (दिवसाच्या सुनावणी यादीत) येऊनही सुनावणीपर्यंत पोचतच नाही. तोवर दुसऱ्याला कार्यादेश (काम सुरू करण्याचा आदेश) दिला, कामही झालं. आता समोरचे वकील म्हणतात, याचिकेत काही उरलंच नाही. काय करू? सोमवारी तारीख आहे.

लालफीत:
कसलं काम? मुदत किती? अंतरिम आदेश काही? ठेकेदाराला प्रतिवादी केलंय?

निविदाग्रस्त:
नालेसफाई. स्थगिती मिळाली नाही. ठेकेदार प्रतिवादी नाही, तेव्हा नावच माहीत नव्हतं.

जुनाबोर्ड:
स्थगिती विसराच. सर्वोच्च न्यायालयाचा एन. जी. प्रोजेक्ट्स खटल्यातला 2022चा निकाल वाचा. पायाभूत कामं थांबवू नका, फार तर नुकसानभरपाई द्या. पायाभूत प्रकल्पांना मनाई हुकूम देऊ नये म्हणणारं विशिष्ट अनुतोष कायद्याचं (Specific Relief Act) कलम 20अ आहेच.

प्रेसिपी:
20अ दिवाणी दाव्यांसाठी आहे, रिटसाठी नाही.

जुनाबोर्ड:
रिटमध्येही ते डोळ्यांपुढे ठेवा असं त्याच निकालात आहे. आणि त्या कायद्याच्या परिशिष्टातल्या पायाभूत कामांच्या यादीत पर्जन्यजल निचरा आहे!

प्रेसिपी:
निचरा व्यवस्था बांधणं वेगळं, दरवर्षी गाळ उपसणं वेगळं. हा मुद्दा सोडू नका.

पाकीट_क:
बयाणा रक्कम (निविदेसोबत भरलेली अनामत) अडकली असेल तर आधी पोर्टलवर बँक खातं तपासा.

निविदाग्रस्त:
बयाणा परत मिळालाय. तो प्रश्नच नाही.

लालफीत:
मुदत अजून सांगितली नाहीत.

निविदाग्रस्त:
दोन वर्षं. एक पावसाळा झाला.

लालफीत:
हे आधी सांगायचं! मग निष्फळ कशी? दुसऱ्या हंगामाचं काम शिल्लक आहे. आधी दुरुस्ती अर्ज करा: कार्यादेश आणि करार दोन्हींना आव्हान द्या, ठेकेदाराला जोडा. त्याला न ऐकता त्याचा करार कोर्ट रद्द करणार नाही. प्रार्थनेत (याचिकेतल्या मागण्यांत) उरलेल्या मुदतीपुरता आदेश मागा आणि अपात्रतेचं कारण रद्द करण्याची मागणी वेगळी ठेवा. तेच कारण पुढच्या निविदेत तुमच्यावर फेकलं जाईल, म्हणून तो वाद जिवंत राहतो. स्थगिती नाही तर निदान ‘पुढील काम याचिकेच्या निकालाच्या अधीन’ एवढी ओळ तरी मिळवा. प्रेसिपीत (लवकर सुनावणीसाठी कोर्टात द्यायच्या विनंतीपत्रात) तातडीचं कारण म्हणून पावसाळ्याआधीची सफाई कधी सुरू होते ते लिहा. नुसतं ‘अत्यंत तातडीचे’ सगळेच लिहितात.

जुनाबोर्ड:
उलटंही घडतं, निविदाच गेली की याचिका निष्फळ होते. मे 2025 मध्ये एमएमआरडीएनं (मुंबई महानगर प्रदेश विकास प्राधिकरणानं) ठाणे-घोडबंदर ते भाईंदरची बोगदा-उन्नत मार्गाची निविदाच मागे घेतली, आणि सर्वोच्च न्यायालयातली एल अँड टीची लढाई निष्फळ झाली.

पाकीट_क:
धारावीत तर पुनर्विकासाची 2018ची निविदा 2020 मध्ये रद्द, आणि हायकोर्टाचा निकाल डिसेंबर 2024 ला!

प्रेसिपी:
धारावीचा धागा वेगळा काढा.

निविदाग्रस्त:
किती काम उरलंय ते कसं दाखवू? मोजमाप वही (झालेल्या कामाची पालिकेची नोंद) आमच्याकडे नाही.

लालफीत:
माहिती अधिकारात 30 दिवस जातील, सोमवारपर्यंत जमणार नाही. झालेलं काम, दिलेली बिलं आणि उरलेली मुदत पालिकेनंच प्रतिज्ञापत्रावर सांगावी अशी मागणी करा. आकडा त्यांच्याकडून आला की ‘काही उरलं नाही’ म्हणणं त्यांनाच अवघड जाईल.