रेडिओभोवती जमणारा श्रोता कुठे गेला?

प्रश्न : मिरज तालुक्यातील आमच्या गावात आजोबांच्या काळी माणसे चावडीसमोर बसून रेडिओवरील बाजारभाव व बातम्या ऐकत आणि मग त्यांवर वाद घालत. आज घरातले चौघे चार मोबाइलवर वेगवेगळे पाहतात. बदलले ते साधन, की श्रोता?

उत्तर १ : साधनानेच श्रोत्याची सवय घडवली, असे मला वाटते. १८३२ मध्ये बाळशास्त्री जांभेकरांनी ‘दर्पण’ सुरू केले तेव्हा वाचता येणारे फार थोडे होते, आणि पुढेही कित्येक वर्षे एकाने वाचायचे व इतरांनी ऐकायचे, ही रीत टिकली. सांगलीत १९६३ साली आकाशवाणी केंद्र आले आणि अक्षरओळख नसलेल्या शेतकऱ्यालाही पिकांची माहिती मराठीतून थेट मिळू लागली. कार्यक्रमाची वेळ मात्र केंद्र ठरवी. सगळे एकाच वेळी एकच गोष्ट ऐकत, म्हणून तर चर्चा रंगे.

उत्तर २ : मान्य, परंतु त्या चावडीसमोर बायका बसत नसत, हे विसरू नये. माझ्या आईने रेडिओ मनसोक्त ऐकला तो घरात ट्रान्झिस्टर आल्यावर. शिवाय त्या श्रोत्याला पत्राखेरीज उत्तर देण्याची सोय नव्हती. २०१९ च्या महापुरात कृष्णेचे पाणी कोणत्या गल्लीत शिरले, हे आम्हीच एकमेकांना मोबाइलवरून कळवत होतो. त्यात अफवाही मिसळल्या आणि त्या निस्तरणारा संपादक कुणी नव्हता.

प्रश्नकर्ता : बायकांचा मुद्दा माझ्या ध्यानातच आला नव्हता. आजीला आजच विचारतो.