गच्चीचं पावसाचं पाणी फ्लशला: टाकी केवढी, जोडणी कशी?

इंदिरानगर_रोहाऊस
नाशिकला रो हाऊस आहे. गच्ची ७०० चौरस फूट, माणसं चार. पावसाचं पाणी फक्त फ्लशला वापरायचंय. खाली २,००० लिटरची टाकी पुरेल का? आणि मध्ये नॉन-रिटर्न व्हॉल्व्ह (पाणी एकाच दिशेने जाऊ देणारी झडप) टाकून पालिकेची लाइन फ्लशच्या त्याच लाइनला जोडली तर चालेल?

पागोळी
७०० चौरस फूट म्हणजे ६५ चौरस मीटर. उडणारं, मुरणारं वजा जाता १ मिमी पावसाला ५० लिटर धरा. ४० मिमी झाला की टाकी भरली. ३/६ लिटरचा दोन बटणांचा फ्लश असेल तर चौघांना रोज ८० लिटर लागतात, म्हणजे २५ दिवस. पावसाने दडी मारली तरी निभतं. फ्लश जुना १० लिटरचा असेल तर मोठ्या टाकीपेक्षा आधी तो बदला.

पहिल्या सरीत धूळ आणि कबुतरांची घाण येते, ते ७५ ते १०० लिटर बाजूला काढायचेच. त्यासाठी ११० मिमीचा उभा पाइप लावून मोकळे होऊ नका, त्यात मीटरला जेमतेम ८-९ लिटर मावतात. १०० लिटरचा ड्रम लावा आणि तळाचा नळ ठिबकता ठेवा, म्हणजे दोन सरींच्या मध्ये तो रिकामा होतो. गाळाने नळ तुंबतो. दर आठवड्याला पूर्ण उघडून धुवा.

नॉन-रिटर्नच्या भरवशावर जोडणी अजिबात नको. झडपेत वाळूचा एक कण अडकला की ती बसत नाही, आणि पुरवठा बंद झाल्यावर लाइन हे पाणी उलटं ओढते, तेही पिण्याच्या पाण्यात. गच्चीवर फ्लशची वेगळी २०० लिटरची टाकी ठेवा. पालिकेचा पाइप तिच्यात वरून मोकळा सोडा, तोंड ओव्हरफ्लोच्या किमान दोन इंच वर.

इंदिरानगर_रोहाऊस
मग वरची टाकी पालिकेच्याच पाण्याने भरलेली नाही का राहणार?

पागोळी
राहील, बॉल कॉक (टाकी भरली की पाणी बंद करणारा तरंगत्या गोळ्याचा नळ) नेहमीसारखा वर बसवला तर. त्याचा दांडा खाली वाकवून पाणी तळापासून चार बोटांवर थांबेल असं करा. खालच्या टाकीतलं पावसाचं पाणी वर चढवणाऱ्या पंपाचा फ्लोट स्विच (पाण्याच्या पातळीनुसार पंप चालू-बंद करणारा) त्या पातळीच्या वर.

नळजोडणी
जेट स्प्रे बघा! बहुतेक संडासांत तो आणि फ्लश एकाच टू-वे अँगल कॉकवर (दोन तोंडांच्या भिंतीतल्या नळावर) असतात. लाइन बदलली की जेटलाही पावसाचं पाणी जातं. जेटला पालिकेच्या लाइनवरून वेगळा कॉक काढा.