ओझूचा १९३२ चा मूकपट: साहेबापुढे वाकणारा बाप चुकला का?

माजघर: जपानी दिग्दर्शक यासुजिरो ओझूचा ‘आय वॉज बॉर्न, बट...’ पुन्हा पाहिला. टोकियोच्या उपनगरात नव्याने राहायला आलेला नोकरदार योशी, बायको, दोन मुलगे. पोरांना बाप म्हणजे फार मोठा माणूस. मग साहेबाच्या घरी हौसेने काढलेल्या फिल्म दाखवतात, आणि पडद्यावर बाप साहेबाला हसवायला तोंड वेडंवाकडं करताना दिसतो. सगळे हसतात. या दोघांचे चेहरे मात्र पडतात.

घरी भांडण. तुम्ही त्यांच्यापुढे वाकता कशाला? ते पगार देतात म्हणून. मग घेऊ नका पगार! आणि पोरं जेवण सोडतात. माझ्या मते पोरांचंच खरं. शेवटी तीच पोरं बापाला ‘जा, साहेबांना नमस्कार करा’ म्हणतात, तिथे मला भडभडून आलं. पोरं हरली हो.

उंबरठा: साफ असहमत. उपोषण सुटतं कशाने? आईने अंगणात आणून ठेवलेल्या भाताच्या गोळ्यांनी. तो भात बापाच्या वाकण्यातूनच आलाय. शिवाय ही पोरं स्वतः काय करतात? साहेबाच्या मुलाला, तारोला, नुसत्या हातवाऱ्याने जमिनीवर आडवं पाडतात. त्यांच्यातही लहानमोठं आहेच की.

माजघर: आहे, पण तिथे मनगटात जोर आला की क्रम बदलतो. थोरला हेच विचारतो ना: मी तारोपेक्षा ताकदवान, मार्क मला जास्त, मग मोठेपणी त्याच्या हाताखाली मी का? बापाकडे याचं उत्तर नाही. उलट पोराला फटके मिळतात. मोठ्यांनी सांगितलं म्हणून ऐकायचं, हीच ती परंपरा!

सांजवात: फटक्यांनंतरची रात्र विसरलात. पोरं झोपलीत आणि बाप त्यांच्याकडे बघत म्हणतो, माझ्यासारखे होऊ नका. स्वतःचं जिणं त्याला चांगलं ठाऊक आहे, तरी सकाळी कामावर जायचंय. त्याला लाचार म्हणायला माझी जीभ रेटत नाही.

माजघर: ती रात्र मलाही सोसवत नाही. पण सकाळी काय होतं? बाप शेजारी बसून धाकट्याला विचारतो, मोठेपणी कोण होणार? तो म्हणतो, लेफ्टनंट जनरल. जनरल का नाही? तर दादा जनरल होणार आहे म्हणून! सगळे या उत्तराला हसतात, मला हसू येत नाही. आठ वर्षांच्या आसपासचं पोर, आणि वरची जागा आपली नाही हे त्याने आधीच मान्य केलंय. त्यात साल १९३२, जपानी सैन्य चीनच्या मांचुरियात घुसून वर्षही झालेलं नाही.