कुलमुखत्यार हा कुळाचा कोण?

आईच्या नावावर गावाकडे दीड एकर जमीन आहे. गुडघ्यांमुळे तिला आता तालुक्याच्या फेऱ्या झेपत नाहीत, म्हणून तिने माझ्या नावे मुखत्यारपत्र करायचं ठरवलं. दस्तलेखकाने टाइप करून दिलेल्या मसुद्याच्या डोक्यावर ठळक अक्षरांत लिहिलं होतं 'कुलमुखत्यारपत्र'. आईने चष्मा लावला, तेवढा एकच शब्द वाचला आणि म्हणाली, "अख्ख्या कुळाचा मुखत्यार तू? थोरल्या काकांना विचारलंस का?"

हसू आलं, पण उत्तर मलाही देता आलं नाही. पुढचा मसुदा वाचताना आणखी गोंधळ झाला. एकाच पानावर 'लिहून देणार यांच्या वतीने', 'लिहून देणार यांचेतर्फे' आणि 'लिहून देणार यांचेकरिता', असं तीन वेळा तीन तऱ्हांनी लिहिलंय. शेवटी मी पुढे सही कशी करायची त्याचा नमुना: आईचं नाव, त्याखाली 'तर्फे कुलमुखत्यार' आणि त्याखाली माझं नाव. आता यात आईतर्फे मी की माझ्यातर्फे आई?

मुखत्यार शब्द कुठला आणि या वतीने-तर्फे-करवी मंडळींत फरक काय, जाणकारांनी सांगावं.

प्रतिसाद १

आईंना सांगा, काकांना विचारायची गरज नाही. हा 'कुल' संस्कृतातला नव्हे, अरबीतला आहे. अर्थ 'सगळा, एकूण'. 'बिलकुल'मध्ये बसलाय तोच. सगळ्या कामांचा अधिकार दिला की कुलमुखत्यारपत्र, एखाद्याच कामापुरता दिला तर खास मुखत्यारपत्र. काही जण 'कुळमुखत्यार' असंही लिहितात. ते मात्र साफ चूक. कुळ, म्हणजे दुसऱ्याची जमीन कसणारा, म्हटलं की सातबारावाल्यांना वेगळीच धडकी भरते.

प्रतिसाद २

'मुखत्यार'बद्दल थोडं. मुळात हा अरबी 'मुख़्तार'. आपण 'ही बाब माझ्या अखत्यारीत येत नाही' म्हणतो, त्यातला अखत्यार म्हणजे 'इख़्तियार', याच धातूचा. अर्थ निवड, पसंती, मर्जी. मुख़्तारमध्ये नसलेला 'य' मराठी मुखत्यारमध्ये आला तो या भावंडाच्या संगतीने, असा माझा अंदाज.

खरी गंमत पुढे आहे. अरबी व्याकरणात 'निवडणारा' आणि 'निवडलेला' यांची रूपं सहसा वेगळी होतात. काही धातूंत मात्र ती एकसारखीच होतात, आणि हा धातू त्यांतला. म्हणजे मुख़्तार हा निवडलेलाही आणि स्वतःच्या मर्जीने निवड करणाराही. म्हणूनच 'खुदमुखत्यार' म्हणजे स्वतंत्र, कोणाच्या ताब्यात नसलेला, आणि नुसता 'मुखत्यार' म्हणजे दुसऱ्यासाठी काम करणारा. शब्द एकच, एकीकडे मालक आणि दुसरीकडे मालकाचा माणूस. कोर्टकचेऱ्यांतली निम्मी भांडणं याच दोन टोकांमधली असतात. निवडलेला माणूस स्वतःला निवडणारा समजू लागतो.

'मुखाने बोलतो तो मुखत्यार' अशी व्युत्पत्ती मला एका निवृत्त मास्तरांनी ऐकवली होती. ऐकायला झकास, पण खरी नाही.

प्रतिसाद ३

तुमच्या दुसऱ्या प्रश्नावर जरा सविस्तर लिहितो. घोळ तुमच्या मसुद्यात नाही, 'तर्फे'मध्येच आहे.

अशा प्रत्येक व्यवहारात दोन माणसं असतात. एक ज्याचं काम, दुसरा ते करणारा. कुठला शब्द कुठल्या माणसाच्या नावाला चिकटतो ते बघा. 'वतीने' कायम पहिल्याला: आईच्या वतीने मी सही केली. 'करवी' कायम दुसऱ्याला: आईने माझ्याकरवी सही केली. इथे 'करवणे' क्रियापद सरळ दिसतंय. 'मार्फत'सुद्धा दुसऱ्यालाच लागतं. त्याचा मूळ अर्थ ओळख, माहिती. पत्रावर अमुक यांच्या मार्फत लिहितो तेव्हा, त्या घराची ओळख आहे, तिथून पोचेल, एवढाच त्यात भाव. मार्फत करणाऱ्याकडे अधिकार असतोच असं नाही, पोस्टमनही मार्फतच.

'तर्फे' मात्र दोन्ही दगडांवर पाय ठेवून उभं. 'तरफ' म्हणजे बाजू. एकतर्फी, दुतर्फा, तर्फदारी सगळी त्याची पिलावळ. जुन्या महसुली व्यवस्थेत परगण्याच्या पोटविभागालाही तर्फ म्हणत. पन्हाळा तालुक्यातल्या 'पोर्ले तर्फ ठाणे' या गावाच्या नावात ती अजून शिल्लक आहे. आता 'मंडळातर्फे सत्कार' यात मंडळ हा काम असलेला, आणि 'वकिलातर्फे नोटीस पाठवली' यात वकील हा काम करणारा. शब्द तोच, माणूस बदलला. एरवी संदर्भाने कळतं म्हणून कोणी अडखळत नाही. कागदावर दोन नावं एकाखाली एक आली आणि मध्ये तर्फे आलं, की तुमच्यासारखं होतं. तुमच्या मसुद्यात त्याचा अर्थ 'आई, मुखत्याराकरवी' असा आहे. माझं मत विचाराल तर दस्तांतून तर्फे हद्दपार करावं. 'वतीने' लिहावं, नाहीतर 'करवी'. तिसरं नको.

'करिता' हा सरकारी पोशाख. पत्राखाली हुद्दा असतो वरिष्ठाचा, पुढे 'करिता', आणि सही कनिष्ठाची. 'नावाने'ही तसंच. कुठलाही शासन निर्णय काढून शेवट बघा: 'महाराष्ट्राचे राज्यपाल यांच्या आदेशानुसार व नावाने.' खाली सही कक्ष अधिकाऱ्याची किंवा सचिवांची. राज्याचा कारभार राज्यपालांच्या नावाने चालल्याचं व्यक्त करावं, असं संविधानाच्या १६६व्या अनुच्छेदात आहे, म्हणून ही ओळ. घरात आपण 'नावाने' कशाला वापरतो? खडे फोडायला आणि बोंब मारायला. तोही एका अर्थी दुसऱ्यासाठी केलेला कार्यक्रमच.

प्रतिसाद ४

दादा, वरचं सगळं मान्य, पण तर्फे हद्दपार करणं आमच्या हातात नाही हो. मी अठरा वर्षं दस्त लिहितोय. पक्षकार जुना कागद घेऊन येतो आणि म्हणतो, अस्संच लिहा. शब्द बदलला की त्याला वाटतं काहीतरी फसवाफसवी आहे.

आमच्या धंद्यातले आणखी दोन सांगतो. सातबाऱ्यावर नावापुढे 'अ.पा.क.' दिसलं तर ते अज्ञान पालनकर्ता. इथे अज्ञान म्हणजे १८ वर्षं पूर्ण न झालेला. मागे एक एम.एस्सी. झालेली मुलगी भांडायला आली होती, मला अज्ञान कोणी लिहिलं म्हणून. वारसनोंद झाली तेव्हा ती सहा वर्षांची होती, आणि सज्ञान झाल्यावर अर्ज करून शेरा कमी करायचा असतो हे तिच्या घरात कोणाच्या लक्षातच नव्हतं. दुसरं 'ए.कु.मॅ.', एकत्र कुटुंब मॅनेजर. भावाभावांच्या जमिनीला थोरल्याचं नाव आणि त्याला ही शेपटी. पालनकर्ता, मॅनेजर आणि मुखत्यार तिघेही दुसऱ्यासाठीच करतात, पण मुखत्यार तेवढा ज्याचं काम त्याने स्वतः नेमलेला.

सहीचंही सांगतो, नव्वद टक्के लोक इथे चुकतात. मुखत्याराने सही स्वतःचीच करायची, आईच्या नावाची नाही. १८८२च्या मुखत्यारपत्रांच्या कायद्यानेच तशी मुभा दिलेली आहे. आणि देणारा माणूस गेला की सर्वसाधारणपणे अधिकारही गेला. मुखत्याराचा स्वतःचा हितसंबंध त्यात गुंतलेला असेल तर गोष्ट वेगळी. लोक वडील वारल्यावर कपाटातून कुलमुखत्यारपत्र काढून आणतात. त्यांना समजावताना घसा बसतो.

प्रतिसाद ५

ताई आहात की दादा माहीत नाही, पण 'परस्पर' राहिला. अधिकार नसताना दुसऱ्याच्या वतीने केलं तर मराठीत त्याला परस्पर केलं म्हणतात. 'काकाने जमीन परस्पर विकली.' शब्दाचा खरा अर्थ एकमेकांत, पण बोलताना ऐकणाऱ्याला पुढची अख्खी कहाणी कळते. 'परभारे' तसाच.

प्रतिसाद ६

आमच्याकडे गोव्यात मुखत्यार हा देवळातला मानकरी. देवस्थान समितीची निवडणूक झाली की पेपरात येतं: अध्यक्ष अमुक, सचिव तमुक, खजिनदार, मुखत्यार. देवस्थानाच्या वतीने कोर्टात किंवा कचेरीत उभं राहायचं काम त्याचं. पोर्तुगीज काळातल्या 'प्रोकुरादोर'ला मराठीत हाच शब्द बसवला. पुण्याच्या नातेवाइकांना मी 'बाबा यंदा मुखत्यार झाले' सांगितलं तर त्यांना वाटलं आजोबांच्या इस्टेटीचं काहीतरी निघालंय.

प्रतिसाद ७

मार्केट यार्डात वाढलो, म्हणून अडत्याबद्दल. लोक अडत्या आणि दलाल एकच समजतात. दलाल दोघांची गाठ घालून देतो आणि बाजूला होतो. अडत्या शेतकऱ्याचा माल स्वतःच्या गाळ्यावर उतरवून घेतो, त्याच्यासाठी विकतो आणि पट्टी, म्हणजे हिशेबाची चिठ्ठी, करून देतो. आमच्या वडिलांच्या पट्टीवर वर शेतकऱ्याचं नाव, मग डाग (म्हणजे नग), वजन, भाव, त्यातून हमाली, तोलाई, अडत (आमचं कमिशन) वजा, आणि खाली निव्वळ रक्कम. हा खराखुरा 'वतीने'चा धंदा. माल कधीच अडत्याचा नसतो. आता २०१६पासून फळं आणि भाज्यांची अडत शेतकऱ्याच्या पट्टीतून कापायची नाही, ती खरेदीदाराने द्यायची असं ठरलं. म्हणजे विकायचं एकाच्या वतीने आणि मेहनताना घ्यायचा दुसऱ्याकडून. तेव्हा वडील म्हणाले होते, "आता आम्ही नेमके कुणाचे?"

आणि 'गुमास्ता' विसरू नका. फारसीत नेमलेला माणूस, दुकानदाराचा कारकून. माणूस गेला, पण मुंबईत दुकानाच्या परवान्याला अजून गुमास्ता लायसन्सच म्हणतात.

प्रतिसाद ८

जुन्या मराठीतला असाच एक शब्द राहिला, 'मुतालिक'. अष्टप्रधानांतला कोणी मोहिमेवर गेला की मागे त्याच्या नावाने दफ्तर चालवायचा तो त्याचा मुतालिक. शब्दाचा मूळ अर्थ 'जोडलेला, संबंधित'. आडनाव म्हणून आजही भेटतो.

याची गल्लत होते ती 'वकील-इ-मुतलक'शी. १७८४मध्ये महादजी शिंद्यांनी शाह आलम बादशहाकडून हे पद मिळवलं, पेशव्यासाठी, आणि स्वतः त्यांचे नायब म्हणून दिल्लीचा कारभार हाती घेतला. त्यातला 'मुतलक' म्हणजे बिनशर्त, पूर्ण. मुतालिक आणि मुतलक यांचे धातूच वेगळे. मात्र रचना बघा: बादशहाच्या वतीने पेशवा, पेशव्याच्या वतीने महादजी, आणि पेशवा स्वतः छत्रपतींचा प्रधान. इतकी तर्फे एका कागदावर लिहायला आपले चार नंबरवाले दस्तलेखकही दमतील.

'वकील'ही तेव्हा कोर्टातला नव्हता, दरबारातला होता. दिल्लीला हिंगणे, निजामाकडे गोविंदराव काळे, हे पेशव्यांचे वकील. नंतर तो काळ्या कोटात गेला. बोलण्यात मात्र जुना अर्थ जिवंत आहे. कोणी न विचारता दुसऱ्याची बाजू घेऊ लागला की आपण विचारतोच, "तू काय त्याचं वकीलपत्र घेतलंयस?"

प्रतिसाद ९

एवढी चर्चा झाली, पण सगळे काम करणाऱ्याचेच शब्द शोधताय. ज्याचं काम त्याला काय म्हणायचं? कोणी सांगेना म्हणून सांगते. आपल्याकडे आहे आणि रोज वापरतो: अशील. 'माझे अशील यांचे सांगण्यावरून नोटीस देतो की...' अरबी 'असील', म्हणजे मूळचा, अस्सल माणूस. 'अस्सल' आणि 'असल' त्याचेच सोयरे. तिथल्या कायद्याच्या भाषेतही जोडी हीच आहे, असील आणि वकील, एक मूळ आणि दुसरा त्याच्या वतीचा. मराठीत अशील वकिलाच्या ऑफिसातून बाहेर पडलाच नाही. त्याला बाहेर काढला असता तर सरकारला 'अभिकर्ता'च्या जोडीला नवीन शब्द घडवत बसावं लागलं नसतं. अभिकर्ता तरी कोण म्हणतंय? सगळे एजंटच म्हणतात.

प्रतिसाद १०

ताई, हे मस्तच. तीस वर्षं कोर्टात काढली, पण अशील म्हणजे अस्सल हे डोक्यात आलं नव्हतं. आमच्यात उलटं म्हणायची पद्धत आहे, वकील अस्सल आणि अशील नक्कल.

मूळ प्रश्नकर्ता

सगळ्यांचे आभार. पाच नंबर, मी दादा आहे. काल नोंदणी झाली. कुलमुखत्यारपत्राचा मसुदा बाजूला ठेवून खास मुखत्यारपत्र केलं, फक्त मोजणी आणि फेरफाराच्या कामापुरतं. हे आईनेच ठरवलं. दोन नंबरचा प्रतिसाद तिला वाचून दाखवला होता. 'निवडलेला स्वतःला निवडणारा समजतो' इथे तिने मला थांबवलं आणि म्हणाली, "मग सगळ्याचा नको. दोन कामांचा पुरे." सहीच्या नमुन्यात 'तर्फे' काढून 'करवी' लिहा म्हटलं, तर दस्तलेखक चक्क चार नंबरच्याच शब्दांत बोलले: असं कोणी लिहीत नाही, लोकांना शंका येते. शेवटी 'तर्फे' राहिलं.